बेंबळीच्या क्षितिजावरचा त्रिशंकू

कल्पनेतलं जग उभं करणाऱ्याला जमीन, नद्या, राजे आणि राक्षस एवढं पुरत नाही. त्याला वर एक आकाशही लागतं. आपल्या परिचयाच्या वाङ्मयात असं आकाश नव्याने रचण्याचा सर्वांत धाडसी उद्योग एका ऋषीच्या नावावर आहे. विश्वामित्राने रागाच्या भरात दक्षिणेला दुसरे सप्तर्षी घडवले, दुसरी नक्षत्रमाला ओवली आणि त्या नव्या आकाशात एका राजाला डोकं खाली, पाय वर अशा स्थितीत टांगून ठेवलं. तो राजा त्रिशंकू. आज मराठीतल्या खगोलाच्या पुस्तकांत हे नाव दक्षिणेच्या एका लहानशा, ठळक तारकासमूहाला दिलेलं असतं. युरोपीय दर्यावर्दी त्याला दक्षिणेचा क्रूस म्हणत आले. दिल्लीहून तो पूर्ण कधीच दिसत नाही. मुंबईत अक्षांशामुळे दिसायला हवा, पण दिव्यांच्या उजेडात हरवतो. धाराशिव तालुक्यातल्या बेंबळीच्या शिवारातून मात्र एप्रिल-मे महिन्यांत, आकाश निवळ असेल तेव्हा, तो दक्षिण क्षितिजाच्या जरा वर उभा असतो. माझं म्हणणं असं आहे की त्रिशंकूच्या गोष्टीतलं कारण कल्पित असलं तरी ज्या दृश्यासाठी ते कारण शोधलं गेलं ते दृश्य खरं होतं. ही दोन्ही एकमेकांपासून सोडवून दाखवता येतात, आणि ती सोडवून दाखवायला बेंबळीचा अक्षांश फार सोयीचा आहे.

आधी गोष्ट नीट पाहू, कारण तिचे तपशील पुढे पुरावा म्हणून लागणार आहेत. वाल्मीकि रामायणाच्या बालकांडात राम-लक्ष्मण मिथिलेला पोचतात तेव्हा जनकाचा पुरोहित शतानंद विश्वामित्राचं पूर्वचरित्र सांगतो. त्यात ही कथा येते. इक्ष्वाकू कुळातल्या त्रिशंकूला सदेह स्वर्गात जायचं होतं. कुलगुरू वसिष्ठाने हे होणार नाही म्हणून सांगितलं. राजा दक्षिणेकडे तप करणाऱ्या वसिष्ठाच्या शंभर मुलांकडे गेला. त्यांनी नकार दिला आणि तो दुसरा पुरोहित शोधायला निघाला तेव्हा शाप दिला. मग तो विश्वामित्राकडे आला. वसिष्ठाकडून हरलेला विश्वामित्र त्या वेळी राणीसह दक्षिणेतच तप करत होता. त्याने यज्ञ मांडला, देव हविर्भाग घ्यायला आले नाहीत, तेव्हा त्याने स्वतःच्या तपाच्या बळावर राजाला वर चढवलं. इंद्राने त्याला स्वर्गाच्या दारातून डोक्यावर खाली ढकललं. पडता पडता त्याने हाक मारली, विश्वामित्राने त्याला वाटेतच थोपवलं आणि दक्षिणेला नवं आकाश घडवायला सुरुवात केली. आता दुसरा इंद्रही करतो, नाहीतर इंद्राशिवायचं जग करतो, असं तो म्हणू लागला तेव्हा देव घाबरले आणि तडजोड झाली. नवी नक्षत्रं राहतील, पण वैश्वानराच्या वाटेच्या बाहेर. आणि त्रिशंकू त्यांच्यामध्ये तेजाने झळकत राहील, पण खाली डोकं करूनच. लोकांनी या गोष्टीला पुढे बरंच काही जोडलं. म्हैस आणि नारळ ही विश्वामित्राच्या प्रतिसृष्टीतलीच, असं अजूनही सांगितलं जातं. आपल्या कामासाठी तडजोडीची कलमं महत्त्वाची. दक्षिण दिशा, नव्या ताऱ्यांचा जथा, नेहमीच्या वाटेबाहेरची जागा, मधोमध एक तेजस्वी आकृती, आणि ती वर चढू शकत नाही ही अट.

आता आकाशाकडे वळू. बेंबळी 18 अंश उत्तर अक्षांशाच्या किंचित वर आहे. म्हणून तिथून ध्रुवतारा उत्तर क्षितिजापासून सुमारे 18 अंश उंच दिसतो आणि आकाशाचा दक्षिण ध्रुव तेवढाच क्षितिजाखाली राहतो. त्रिशंकूचे तारे त्या दक्षिण ध्रुवाच्या आसपास फिरतात. समूहातला सर्वांत तेजस्वी तारा अ‍ॅक्रक्स खगोलीय विषुववृत्ताच्या 63 अंश दक्षिणेला आहे, तर वरच्या टोकाचा तांबूस गॅक्रक्स 57 अंश. नव्वदातून अक्षांश आणि हे अंश वजा केले की बेंबळीतून अ‍ॅक्रक्स जास्तीत जास्त 9 अंश आणि गॅक्रक्स 15 अंश वर येतो. हात लांब करून मूठ धरली की ती आकाशात साधारण 10 अंश व्यापते. म्हणजे खालचा तारा क्षितिजापासून एका मुठीच्याही आत, वरचा दीड मुठीवर. मेच्या मध्यावर रात्री साडेनऊच्या सुमारास हा समूह नेमका दक्षिणेला, आपल्या सर्वोच्च जागी असतो. त्याच्या डावीकडे, किंचित खाली, नरतुरंग समूहातले मित्र आणि मित्रक हे दोन ठळक तारे दिसतात, आणि त्यांना जोडणारी रेघ पुढे नेली की ती त्रिशंकूवर जाते. अ‍ॅक्रक्स उगवल्यापासून मावळेपर्यंत जेमतेम साडेसहा तास आकाशात असतो, आणि तेवढ्या वेळात तो आग्नेयेकडून नैर्ऋत्येकडे एक बुटकी कमान काढतो. डोक्यावर येणं त्याच्या नशिबी नाही. स्वर्गात शिरू न शकलेला राजा म्हणून या ताऱ्यांकडे बोट दाखवणाऱ्याने त्यांची चाल रात्रीमागून रात्री पाहिली असणार, एवढं तरी मान्य करायला हरकत नसावी. समूह सरळ उभा असताना त्याचा सर्वांत तेजस्वी तारा तळाशी असतो, हेही लक्षात घेण्याजोगं आहे. राजाचं तेजस्वी मस्तक खाली, ही कल्पना त्यावरून सुचली असेल असं मी ठामपणे म्हणणार नाही, पण गोष्ट आणि आकृती इथे एकमेकींना छेद देत नाहीत.

याहून मोठी गोष्ट मान उत्तरेकडे वळवल्यावर दिसते. त्रिशंकू दक्षिणेला उभा असतो त्याच घटकेला उत्तरेच्या आकाशात सप्तर्षी उंच चढलेले असतात. त्यांच्या शेपटीतला मधला तारा वसिष्ठ, आणि त्याला चिकटलेली अंधुक अरुंधती. लग्नात वधू-वरांना दाखवतात तीच ही जोडी. बेंबळीतून वसिष्ठ जास्तीत जास्त 53 अंशांवर येतो, त्रिशंकूने आपली सर्वोच्च जागा गाठल्यानंतर तासाभराच्या आत. म्हणजे ज्याने स्वर्ग नाकारला तो उत्तरेत उंचावर आणि ज्याला नाकारला तो दक्षिणेत क्षितिजापाशी, असे दोघे एकाच वेळी समोरासमोर असतात. गोष्टीत विश्वामित्र दक्षिणेला नवे सप्तर्षी करतो. सप्तर्षींच्या समोरच्याच बाजूला, आकाशगंगेच्या काठावर, मित्र-मित्रक आणि नरतुरंगाच्या ताऱ्यांची दाटी आहे. यातले नेमके सात कोणते, हे रामायण सांगत नाही आणि आपण ठरवू नये. पण उत्तरेच्या सात ऋषींची जी यादी वराहमिहिराने दिली आहे, तिच्यात मरीची, वसिष्ठ, अंगिरा, अत्री, पुलस्त्य, पुलह आणि क्रतू आहेत, विश्वामित्र नाही. ज्याला त्या मंडळात जागा नाही त्याने समोर दुसरं मंडळ मांडलं, ही रचना आकाशाची मांडणी ठाऊक असणाऱ्या माणसाची वाटते. शेजारीच ध्रुवबाळाची गोष्ट ठेवून पाहावी. तोही राजकुळातला आणि त्यालाही जागा नाकारली गेली. पण त्याला मिळालेला तारा आपल्याकडून कधी मावळत नाही. आकाशाच्या दोन टोकांना दोन प्रकारचे नशीबवान आणि कमनशिबी लोक बसवताना जुन्या कथाकारांनी कोण मावळतो आणि कोण मावळत नाही याची चूक केलेली नाही.

इथे जाणकार वाचक विचारेल की बेंबळीतून आज काय दिसतं याचा रामायणाशी काय संबंध? कथा अयोध्या-मिथिलेच्या मुलखातली. अयोध्येचा अक्षांश सुमारे 27 अंश. आज अयोध्येत अ‍ॅक्रक्स जेमतेम क्षितिजाला टेकतो, म्हणजे व्यवहारात दिसतच नाही. मग तिथल्या लोकांनी त्याच्यावर गोष्ट कशी रचली? याचं उत्तर पृथ्वीच्या एका संथ हालचालीत आहे. फिरता भोवरा जसा स्वतःभोवती गरगरतानाच हळूहळू डोलतो, तसा पृथ्वीचा आस सुमारे 26,000 वर्षांत एक डोल पूर्ण करतो. याला अयनचलन किंवा परांचन म्हणतात. त्याने साधारण 72 वर्षांत एक अंशाचा फरक पडतो. माणसाच्या आयुष्यात तो जाणवत नाही, पण शतकांच्या हिशेबात आकाशाचे ध्रुवच सरकतात. त्रिशंकूच्या बाबतीत हा फरक मोठा आहे. इसवी सन 500 च्या सुमारास अ‍ॅक्रक्स विषुववृत्ताच्या सुमारे 55 अंश दक्षिणेला होता, इसवी सनाच्या आरंभी सुमारे 52 अंश. म्हणजे गुप्तांच्या राज्याची अखेरची दशकं चालू असताना अयोध्येत तो 8 अंशांच्या थोडा वर येत असे, आणि त्याआधी पाचशे वर्षं 11 अंशांपर्यंत. बेंबळीचा आजचा आकडा आठवा: सुमारे 9 अंश. दीड हजार वर्षांपूर्वी शरयूच्या काठावरून त्रिशंकू जेवढा वर चढलेला दिसे, जवळपास तेवढाच तो आज बालाघाटच्या पठारावरून दिसतो. कथाकाराच्या डोळ्यांपुढचं दक्षिण आकाश आपल्याला पाहायचं असेल तर अयोध्येला जाऊन उपयोग नाही. त्यासाठी दख्खनमध्येच थांबावं लागतं. सप्तर्षी आणि त्रिशंकू समोरासमोर असण्याची गोष्टही दोन हजार वर्षांपूर्वी अशीच होती. तेव्हा तर त्रिशंकू सप्तर्षींच्या पसाऱ्याच्या अगदी मध्यासमोर येत असे.

हाच प्रकार भूमध्य समुद्राच्या काठीही घडला. दुसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात टॉलेमीने ताऱ्यांची यादी केली तेव्हा हे तारे तिथून दिसत होते. त्याने ते नरतुरंगाच्या पायांत धरले. पुढे अयनचलनाने ते युरोपीयांच्या क्षितिजाखाली गेले आणि विस्मरणातही गेले. पोर्तुगीज जहाजांबरोबर भारताकडे आलेल्या आंद्रेआ कोर्साली या फ्लोरेन्सच्या माणसाने सोळाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात कोचीनहून पाठवलेल्या पत्रात या क्रूसाचं चित्र काढून आश्चर्य व्यक्त केलं. जे त्याच्या पूर्वजांच्या आकाशात होतं तेच त्याला नवीन वाटलं. प्रत्येकाने या चार ताऱ्यांत आपल्या मनातलं रूप पाहिलं. ऑस्ट्रेलियातल्या काही आदिवासी परंपरांत तर ताऱ्यांपेक्षा त्यांच्या शेजारचा काळा डाग महत्त्वाचा. तो त्यांना एमू पक्ष्याचं डोकं वाटतो. तो डाग म्हणजे मागच्या ताऱ्यांचा उजेड अडवणारा धुळीचा प्रचंड ढग आहे.

आता सर्वांत गंभीर आक्षेप घेऊ. रामायणातला त्रिशंकू म्हणजे आजचा हाच तारकासमूह, हे कशावरून? श्लोकांत अंश नाहीत, शेजारच्या ताऱ्यांची नावं नाहीत, आणि एखादं जुनं नाव आधुनिक नकाशावर चिकटवणं फार सोपं असतं. आक्षेप रास्त आहे आणि त्याला पूर्ण उत्तर नाही. म्हणूनच माझा युक्तिवाद त्या नावावर टेकलेला नाही. त्रिशंकू हा क्रूस असो वा त्याच्या आसपासची दुसरी आकृती, कथेचं भूगोलाशी असलेलं नातं बदलत नाही. कथेत दक्षिण पुन्हा पुन्हा येते. विश्वामित्र दक्षिणेत तप करतो, वसिष्ठाची मुलं दक्षिणेत आहेत, नवं आकाश दक्षिणेला घडतं, आणि हे सगळं उरकल्यावर दक्षिणेत फार विघ्नं आली असं म्हणत विश्वामित्र पश्चिमेला पुष्करास निघून जातो. केवळ एका राजाचा अधांतरी लटकण्याचा चमत्कार सांगायचा असता तर दिशेचा एवढा आग्रह कशाला? उत्तरेच्या मैदानातून दक्षिणेकडे चालत निघालेल्या माणसाचा अनुभव इथे ध्यानात घ्यावा. दर 111 किलोमीटरला दक्षिण क्षितिज एक अंश खाली सरकतं आणि घरी कधी न दिसलेले तारे उगवू लागतात. अयोध्येच्या अक्षांशावरून बेंबळीच्या अक्षांशापर्यंत साडेआठ-नऊ अंश म्हणजे साडेनऊशे किलोमीटरच्या आसपास अंतर आहे. एवढी वाट चालणाऱ्याला नवं आकाश खरोखरच निर्माण होताना दिसतं. हा तर्क आहे, सिद्धता नाही. पण कथेचा दिशेवरचा भर तो समजावून सांगतो, आणि केवळ कवीची लहर असं म्हटल्याने तो भर समजत नाही.

दुसरा आक्षेप उलट्या बाजूने येतो, आणि हल्ली तोच अधिक मोठ्या आवाजात ऐकू येतो. पूर्वजांना एवढं ठाऊक होतं तर या कथेतून रामायणाचा काळ का काढू नये? अयनचलनाचं ज्ञानच तिच्यात गुप्तपणे साठवलंय असं का म्हणू नये? असं म्हणता येत नाही, आणि का म्हणता येत नाही हे शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या उदाहरणाने चांगलं कळतं. 1896 मध्ये मराठीत ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ हा प्रचंड ग्रंथ देणाऱ्या दीक्षितांनी शतपथ ब्राह्मणातलं कृत्तिकांविषयीचं विधान पुढे आणलं. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, असं तिथे म्हटलं आहे. तारा नेमका पूर्वेला उगवतो म्हणजे तो विषुववृत्तावर आहे. कृत्तिका विषुववृत्तावर कधी होत्या हे अयनचलनावरून काढता येतं. आणि तो काळ इसवी सनापूर्वी 3000 च्या आसपास येतो. या निष्कर्षावर पुढे वाद झाले, त्या वाक्याचा अर्थ इतकाच काटेकोर घ्यावा का हा प्रश्न उभा राहिला. तरी वाद घालता आला, कारण विधानात मोजता येण्याजोगी दिशा होती. त्रिशंकूच्या कथेत तसं काहीही नाही. तारे किती उंच, कोणत्या ऋतूत, कोणत्या नक्षत्रासमोर, यातला एकही शब्द नाही. दोन हजार वर्षांपूर्वीही ती कथा जुळते, तीन हजार वर्षांपूर्वीही जुळते. जे विधान कोणत्याही काळाला बसतं त्यावरून काळ ठरत नाही. आणि अयनचलनाचं ज्ञान हवंच असेल तर ते कथेत दडलेलं शोधायची गरजच काय? दहाव्या शतकात मुंजालाने अयनचलनाचा वर्षाचा वेग दिला, तो आजच्या आकड्यापासून दहा विकलांच्या (आर्कसेकंदांच्या) आत आहे. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी मुंजालाचं नाव घेऊन त्याची चर्चा केली. हे काम नावानिशी, आकड्यांनिशी, उघडपणे झालेलं आहे. त्याचा अभिमान बाळगायला पुरेशी जागा आहे. कथेवर तो लादला की दोन्हींचं नुकसान होतं.

कथा आणि गणित एकाच छपराखाली, पण आपापल्या खोलीत कसे राहतात, याचा उत्तम नमुना अगस्तीच्या ताऱ्याचा. आकाशातला हा दुसऱ्या क्रमांकाचा तेजस्वी तारा. बेंबळीतून तो 19 अंशांपर्यंत चढतो आणि हिवाळ्याच्या रात्री दक्षिणेला सहज ओळखू येतो. याच्याही कथेत दक्षिण आहेच: विंध्याला वाकवून अगस्ती दक्षिणेला गेला तो परतला नाही, त्याने समुद्र प्राशन केला. पावसाळ्याच्या उत्तरार्धात पहाटे त्याचा उदय होतो आणि पाणी निवळतं, अशी समजूत आहे. कालिदासाच्या रघुवंशातही तिचा उल्लेख येतो. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराने बृहत्संहितेत अगस्तीवर अख्खा अध्याय लिहिला. त्यात विंध्य आहे, समुद्र आहे, रत्नं आहेत, पूजाविधी आहे; आणि त्याच अध्यायात तो सांगतो की अगस्तीचा उदय प्रत्येक देशासाठी गणिताने वेगळा काढावा लागतो, आणि उज्जैनीपुरता सूर्याचा अंशही तो देऊन टाकतो. वराहमिहिराचं म्हणणं आजही तपासता येतं. बेंबळीच्या अक्षांशावर हा उदय ऑगस्टच्या मध्याच्या आसपास येतो, दिल्लीला सप्टेंबर उजाडतो. इतक्या जुन्या काळी एका लेखकाला कथेचा रस घेताना गणिताची शिस्त सोडावी लागली नाही, तर आपल्यालाही एकाच्या लोभाने दुसऱ्याचा बळी देण्याचं कारण दिसत नाही.

तरी काहींना वाटेल की हे सगळं सोडून द्यावं. मुलांना थेट खरी माहिती सांगावी, ऋषी आणि शाप कशाला? या आग्रहात एक सच्ची बोच आहे आणि ती झाकू नये. मूळ कथेत वसिष्ठाच्या मुलांचा शाप आहे तो चांडाळ होण्याचा. राजाचं अंग काळवंडतं, मंत्री आणि प्रजा त्याला सोडून पळतात. माणसाच्या एका जातीत जन्मणं हीच शिक्षा मानणारी ही कल्पना आहे. ती गोष्टीतून गुपचूप वगळून गोड त्रिशंकू सांगणं अप्रामाणिक ठरेल. कथा ज्या समाजात घडली त्या समाजाची तीही साक्ष आहे आणि ती तशीच, नाव घेऊन सांगायला हवी. पण कथा वगळली की उरतं ते निखळ सत्य, हे गृहीत मला मान्य नाही. तारकासमूह हीच मुळात कल्पित गोष्ट आहे. 1922 मध्ये आंतरराष्ट्रीय खगोल संघटनेने आकाशाचे 88 भाग मान्य केले. त्रिशंकू त्यांतला सर्वांत लहान. पण त्याचे तारे एका पातळीवर नाहीत. गॅक्रक्स सुमारे 88 प्रकाशवर्षांवरचा म्हातारा, फुगलेला तांबडा तारा आहे. त्याचा आजचा उजेड स्वातंत्र्यापूर्वीच्या दशकात निघाला. अ‍ॅक्रक्स सुमारे 320 प्रकाशवर्षांवर. त्याचा उजेड निघाला तेव्हा महाराणी ताराबाई औरंगजेबाशी झुंजत होत्या. दुर्बिणीत तो एकाहून अधिक ताऱ्यांचा निघतो. अ‍ॅक्रक्स आणि समूहातले उरलेले दोन, मिमोसा आणि डेल्टा, हे निळसर, तप्त तारे एकाच मोठ्या तारकाकुळातले आहेत, वयाने फार तर दोन-अडीच कोटी वर्षांचे. पृथ्वीवर डायनोसॉर नष्ट झाले तेव्हा ते जन्मलेही नव्हते. गॅक्रक्स त्यांच्या कुळातला नाही. तो वाटेत उभा आहे म्हणून आपल्याला त्यांच्या रांगेत दिसतो, इतकंच. म्हणजे क्रूस म्हणा की राजा म्हणा, आकृती आपल्याच नजरेची. शास्त्रानेही ती ठेवली, कारण आकाशात पत्ता सांगायला काहीतरी लागतं. कथा हा तसाच पत्ता आहे, फक्त लक्षात राहणारा.

ज्या गावांत शेती पावसावर अवलंबून आहे तिथे हा मुद्दा पुस्तकी राहत नाही. धाराशिव जिल्ह्यात खरिपाची आखणी करताना रोहिणी, मृग, आर्द्रा ही नावं आजही बोलली जातात. मृग निघाला असं आपण 7-8 जूनला म्हणतो तेव्हा मृगाचे तारे रात्री दिसत नसतात. सूर्य आकाशाच्या त्या भागात शिरलेला असतो, आणि नक्षत्राची तारीख गणिताने काढलेली असते. हे गणित ताऱ्यांना धरून चालतं, तर पाऊस ऋतूंना धरून. अयनचलनामुळे दोन्हींत दर 72 वर्षांनी सुमारे एक दिवसाचं अंतर पडतं. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकाच्या अखेरीस सूर्य मृगात शिरायचा तो आजच्या कॅलेंडरने मेच्या मध्याच्या सुमारास. मृग आणि मोसमी पाऊस यांची आजची गाठ आपल्या काळापुरती बरी बसली आहे; ती कायमची नाही. त्रिशंकूला अयोध्येच्या क्षितिजाखाली नेणारी तीच हालचाल पेरणीच्या नक्षत्रालाही सरकवते आहे, आणि एकदा त्रिशंकूच्या बाबतीत ती समजली की पंचांगातलीही समजते. बेंबळीतून त्रिशंकू असाच खाली जात राहणार. आणखी सुमारे 1,700 वर्षांनी अ‍ॅक्रक्स या अक्षांशावर क्षितिजाच्या वर येणार नाही.

म्हणून हे तारे पाहण्यात नुसत्या पाहण्यापेक्षा मोजण्याला मोल आहे, आणि मोजायला दुर्बीण लागत नाही. कंपासपेटीतला कोनमापक, त्याच्या मध्यबिंदूला बांधलेला दोरा आणि दोऱ्याला खाली लहानसा दगड एवढ्यावर भागतं. कोनमापकाची सरळ कड ताऱ्याच्या दिशेने धरली की लोंबणारा दोरा ज्या अंशावर येतो त्याचं नव्वदाशी असलेलं अंतर म्हणजे ताऱ्याची उंची. मेमध्ये नांगरट, कुळवणी चालू असते, शाळांना सुट्टी असते आणि हवेत धूळही असते. क्षितिजाजवळचा उजेड त्या धुळीतून आणि हवेच्या जाड थरातून येताना मंदावतो, म्हणून वळवाचा पाऊस पडून गेल्यानंतरची रात्र धरावी आणि अ‍ॅक्रक्सपेक्षा वरच्या गॅक्रक्सवर नेम धरावा. तो नेमका दक्षिणेला असताना कोन 15 अंशांच्या आसपास येईल. नव्वदातून 57 आणि 15 वजा केले की 18 उरतात, आणि तो बेंबळीचा अक्षांश आहे. हाच कोन त्याच रात्री कन्याकुमारीला मोजला तर 25 अंश भरेल, नागपूरला 12 अंशांच्या खाली, आणि अयोध्येत 6 अंशांच्या आसपास.